टीव्हीवरच्या निवेदिका, स्पॅनिश डबिंग आणि माझी घरमालकीण

नार्वार्तेची_नलू

नमस्कार मंडळी. तीन वर्षं नुसती वाचतेय, आज पहिल्यांदा धागा काढतेय. चुकलं तर सांभाळून घ्या.

मी मूळची मिरजेची, सध्या मेक्सिको सिटीत नार्वार्ते नावाच्या वस्तीत राहते. आमच्या वरच्या मजल्यावर घरमालकीण राहते. वय ७८. मी तिला सेन्योरा म्हणते, ती मला "नालू" म्हणते. सत्तरच्या दशकात ही बाई टीव्हीवर 'एदेकान' होती. शब्द मूळचा लष्करातला, म्हणजे सेनापतीच्या दिमतीला असतो तो अधिकारी. आपल्या राज्यपालांच्या मागे ताठ उभा असतो ना एडीसी, तोच. मेक्सिकोत मात्र समारंभात पाहुण्यांना जागा दाखवणारी आणि टीव्हीवरच्या स्पर्धेत बक्षिसावरचा पडदा सारून हसणारी मुलगी म्हणजे एदेकान. हिनं चार वर्षं मिक्सर, फ्रीज आणि एकदा जिवंत शेळी अशा गोष्टींवरचे पडदे सारले. मग दुपारच्या बायकांच्या कार्यक्रमात दोन वाक्यं बोलायला मिळाली, दोनाची दहा झाली आणि ती रीतसर निवेदिका झाली.

तिशी उलटल्यावर एका सोमवारी गेली तर तिच्या खुर्चीवर दुसरी, लहान मुलगी. कुणी काही बोललं नाही. मैत्रिणीबरोबर डबिंगच्या स्टुडिओत गेली ती गर्दीतले आवाज काढायला, आणि पुढची पंचवीस वर्षं तिथेच राहिली. अमेरिकन मालिकांतल्या आया, परिचारिका, शेजारणी, शिवाय आठ-दहा वर्षांचे मुलगेसुद्धा.

ती म्हणते, "टीव्हीवर होते तेव्हा बाजारात लोक वळून बघायचे. डबिंगला गेल्यावर भाजीवाला पाठमोरा असताना ओळखायला लागला."

काल तिनं विचारलं, तुमच्याकडे अशा बाया आहेत का? मला पटकन एकही नाव सांगता येईना. म्हणून इथे विचारते: आपल्या दूरदर्शनच्या निवेदिकांपैकी कुणी डबिंगकडे वळलं का? आणि निवेदन नि डबिंग ही एकच कला आहे का? तिचं ठाम मत आहे की ती एक कला नाही. "पहिलं वर्ष निवेदन विसरण्यात गेलं," म्हणते.

आळसेश्वर

शेळी कुणी जिंकली ते आधी सांगा.

नार्वार्तेची_नलू

एका दंतवैद्यानं. त्याला पाळता येईना म्हणून तिथेच वाद्यवृंदातल्या माणसाला देऊन गेला.

दादरकर_काका

नलूताई, छान विषय काढलात. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं तेव्हा आमच्या चाळीत एकच टीव्ही होता, आणि ज्यांच्याकडे होता त्यांचं घर आम्ही संध्याकाळी धर्मशाळा करून टाकलं होतं. निवेदिका म्हणजे घरातली माणसं. आठवड्याचे कार्यक्रम सांगणारी 'साप्ताहिकी' आम्ही वही घेऊन बघायचो. 'व्यत्यय' आला की पाटीकडेसुद्धा तेवढ्याच भक्तिभावानं बघत बसायचो.

स्मिता पाटील तिथे बातम्या सांगायची, जीन्सवरच साडी गुंडाळून, असं सगळेच सांगतात. भक्ती बर्वेही तिथलीच. 'श' आणि 'ष' वेगळे ऐकू यायचे हो! आता 'शेष' शब्द टीव्हीवर ऐकला की कुणी साप सोडल्यासारखं वाटतं.

सरळसोट

काका, प्रश्न डबिंगचा आहे. स्मिता आणि भक्तीबाई अभिनयात गेल्या. निवेदन वाटेत लागलं.

दादरकर_काका

अहो सरळसोट, जरा दम धरा की. गाडी दादरहून सुटली, लगेच कर्जत येईल का? हरीश भिमानी घ्या. निवेदक म्हणून नाव, लता मंगेशकरांच्या कार्यक्रमांचं निवेदन केलं, आणि सगळा देश ओळखतो तो 'महाभारत'मधला 'समय' म्हणून. चेहरा विचारला तर दहांतले नऊ जण गप्प बसतील.

सरळसोट

तेही डबिंग नव्हे. तिथे समोर दुसऱ्याचं तोंड हलत नव्हतं, चक्र फिरत होतं. बाईही नव्हेत ते.

चिवडा_कमी_शेव_जास्त

चक्राचं डबिंग सोपं. ओठ नसतात.

बार्सिलोनाबापू

मी इथे अकरा वर्षं आहे, त्यामुळे स्पेनची बाजू मांडतो.

आधी शब्दाचं. मेक्सिकोत एदेकान, तर स्पेनमध्ये 'असाफाता'. मूळ अरबी, अर्थ टोपली किंवा करंडी. राणीचे कपडे-दागिने त्या करंडीतून घेऊन जाणारी दासी ती असाफाता. शब्द जवळजवळ मेला होता. चाळीसच्या दशकात इबेरिया विमान कंपनीला हवाई सेविकांसाठी नाव हवं होतं, त्यांनी हा म्हातारा शब्द उकरून काढला. तिथून तो टीव्हीवर उतरला. 'उन, दोस, त्रेस' नावाची खेळाची मालिका इथल्या सरकारी वाहिनीवर १९७२ मध्ये सुरू झाली, म्हणजे काकांच्या चाळीत टीव्ही आला त्याच वर्षी. तिच्यातल्या मोठाल्या चष्म्यांच्या असाफाता अजून लोकांच्या लक्षात आहेत. व्हिक्तोरिया आब्रिल त्यांच्यातलीच, पुढे दिग्दर्शक अल्मोदोवारची नायिका झाली. नीना नावाची गायिकाही त्यांतलीच, ती १९८९ मध्ये युरोव्हिजन या गाण्याच्या स्पर्धेत स्पेनतर्फे गायली.

म्हणजे पडदा सारणाऱ्या मुली अभिनयात गेल्या, गाण्यात गेल्या. टीव्ही आणि डबिंग दोन्हीकडे राज्य केलं ते मात्र एका पुरुषानं, कोन्स्तांतिनो रोमेरो. जन्म १९४७, अल्बासेतेचा, वाढला आणि रमला बार्सिलोनात. मुळात रेडिओचा माणूस. १९८७ पासून 'एल तिएम्पो एस ओरो' ही प्रश्नमंजूषा चालवायचा. स्पर्धक पुस्तकांच्या ढिगात उत्तरं शोधतायत आणि हा दाढीवाला शांतपणे बघतोय. त्याच माणसाच्या घशातून क्लिंट ईस्टवुड बोलायचा, रॉजर मूर बोलायचा, 'स्टार वॉर्स'मधला डार्थ व्हेडर बोलायचा, 'लायन किंग'मधला मुफासा बोलायचा. 'ब्लेड रनर'च्या शेवटी पावसात मरणारा रुटगर हाउअर स्पेनच्या लोकांना ऐकू येतो तो कोन्स्तांतिनोच्या आवाजात.

एक गंमत. 'टर्मिनेटर २' मध्ये श्वार्त्सनेगर मूळ इंग्रजीत "आस्ता ला व्हिस्ता, बेबी" म्हणतो. स्पॅनिशमध्ये डब करताना स्पॅनिश वाक्याची मजा कशी आणणार? म्हणून स्पेनमध्ये कोन्स्तांतिनो म्हणतो, "सायोनारा, बेबी." इथल्या लोकांना विचारा, त्यांच्या लेखी तेच मूळ वाक्य आहे.

डिसेंबर २०१२ मध्ये तो निवृत्त झाला आणि मे २०१३ मध्ये गेला. माझा शेजारी त्या दिवशी म्हणाला, "आज ईस्टवुड वारला." ईस्टवुड तर अजून ठणठणीत होता.

तेव्हा नलूताई, सेन्योरांना विचाराच: चेहरा आणि आवाज एकाच वेळी सांभाळता येत नाही, असं त्यांचं म्हणणं असेल तर कोन्स्तांतिनोचं काय?

चिवडा_कमी_शेव_जास्त

स्पेनमध्ये करंडीवाली, मेक्सिकोत एडीसी आणि आपण एकदम 'हवाई सुंदरी'. मराठी माणूस नाव ठेवताना मागेपुढे बघत नाही.

दादरकर_काका

नाव ठेवताना आणि नावं ठेवतानाही.

माइकमागची

इतका वेळ वाचत होते, आता राहवत नाही. मी मुंबईत डबिंग करते, हिंदी आणि थोडं मराठी. त्याआधी सहा वर्षं कार्यक्रमांचं सूत्रसंचालन केलं: लग्नं, पुरस्कार सोहळे, गणपतीतले कार्यक्रम, एका छोट्या वाहिनीवर पाककृतीचा कार्यक्रम. त्यामुळे सेन्योरांचं "निवेदन विसरण्यात गेलं" वाचून स्क्रीनला हात जोडले.

सूत्रसंचालन करताना वेळ तुमच्या हातात असतो. टाळ्या आल्या तर थांबता, पाहुणे उशिरा आले तर पाणी घालून वाढवता. डबिंगमध्ये वेळ दुसऱ्याच्या मालकीचा. पडद्यावरच्या बाईनं श्वास घेतला की तुम्ही श्वास घ्यायचा. ती अडखळली की तुम्ही अडखळायचं, आणि ते अडखळणं खरं वाटलं पाहिजे. मला पहिले कित्येक महिने एकच शेरा मिळायचा, "बाई, तुम्ही वाक्य सजवून देताय." निवेदकाची खोडच असते ती. शब्द तबकात ठेवून पुढे करायचा. (बापूंची करंडी!) माझी 'घाबरलेली आई' सुद्धा "आणि आता आपल्यासमोर येत आहे... भूत!" अशी ऐकू यायची.

दुसरी गोष्ट ओठांची. शाळेतलं व्याकरण आठवा: प, फ, ब, भ, म ही ओष्ठ्य व्यंजनं. ती म्हणताना ओठ मिटतात किंवा जवळ येतात. बाकी अक्षरांत प्रेक्षकाला थोडं फसवता येतं, पण पडद्यावर ओठ मिटले आणि तुमच्या वाक्यात तिथे 'क' असला की डोळ्याला खटकतं. म्हणून चांगला भाषांतरकार अर्थ जरा इकडचा तिकडे करतो, पण 'म' च्या जागी 'म' आणतो. अगदी जवळून घेतलेल्या दृश्यात तर आम्ही आधी ओठ बघतो, मग वाक्य.

तिसरं, लहान मुलग्यांचे आवाज जगभर बरेचदा बायकाच काढतात. मुलगा वयात आला की आवाज फुटतो, बाईचा फुटत नाही. मालिका दहा वर्षं चालली तरी बंड्या बंड्याच राहतो.

नलूताई, त्या काळी रेकॉर्डिंग कसं व्हायचं, विचाराल का त्यांना?

आळसेश्वर

"आणि आता आपल्यासमोर येत आहे... भूत!" चहा सांडला.

सरळसोट

माइकमागची, प्रतिसाद आवडला, तरी माझं मत कायम. डबिंग म्हणजे दुसऱ्याच्या नटाचा गळा कापून आपला बसवणं. सबटायटल वाचायला काय धाड भरते? ज्या देशांनी डबिंग स्वीकारलं त्यांनी आपल्याच प्रेक्षकाला आळशी केलं.

बार्सिलोनाबापू

सरळसोट, स्पेननं ते हौसेनं स्वीकारलं नाही. १९४१ मध्ये हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीनं परदेशी चित्रपट स्पॅनिशमध्येच दाखवायचे असा हुकूम काढला. सक्ती काही वर्षांनी गेली, सवय राहिली. आणि सवयीच्या आत सेन्सॉरला केवढी सोय! कापायची गरजच नाही, वाक्य बदललं की झालं.

जॉन फोर्डचा 'मोगॅम्बो' (१९५३) प्रसिद्ध आहे. त्यात ग्रेस केली विवाहित असून क्लार्क गेबलच्या प्रेमात पडते. आता कॅथलिक स्पेनमध्ये विवाहित बाईचं लफडं कसं दाखवणार? म्हणून डबिंगमध्ये तिच्या नवऱ्याला तिचा भाऊ केलं. व्यभिचार टळला, पण नवरा-बायकोचं वागणं पडद्यावर होतं तसंच राहिलं. प्रेक्षक म्हणायला लागले, ही भावंडं जरा जास्तच जवळची दिसतात.

चिवडा_कमी_शेव_जास्त

मोगॅम्बो खुश नहीं हुआ.

आळसेश्वर

या प्रतिसादासाठी मी दोन पानं वाट बघत होतो.

म्हापशेंचो

गोव्यातून एक भर. आमच्यावर साडेचारशे वर्षं राज्य करून गेलेल्या पोर्तुगालमध्ये उलटा प्रकार. शेजारी स्पेन सगळं डब करतो, आणि पोर्तुगाल मोठ्यांचे चित्रपट मूळ भाषेत, सबटायटलसह बघतो. डबिंग फक्त पोरांच्या चित्रपटांना. माझी मावशी लिस्बनला असते. तिचं म्हणणं, पोर्तुगीज माणूस स्पॅनिश माणसापेक्षा बरं इंग्रजी बोलतो ते यामुळेच. खरं-खोटं देव जाणे, पण मावशी हे स्पॅनिश माणसांसमोर मुद्दाम बोलते.

कानडीसून

आमच्याकडे (माहेर कोल्हापूर, सासर धारवाड) डबिंग म्हणजे भांडणाचाच विषय. कन्नडमध्ये साठच्या दशकापासून डब केलेले चित्रपट जवळजवळ बंद होते. सरकारी कायदा नव्हता, पण चित्रपटसृष्टीनं एकमुखानं नको म्हटलेलं, कन्नडचे मोठे नट राजकुमार यांच्यासकट. आपल्या कलाकारांच्या पोटावर पाय येईल हे कारण. पुढे प्रकरण स्पर्धा आयोगाकडे गेलं आणि २०१५ मध्ये आयोगानं चित्रपट संघटनांच्या विरोधात निकाल दिला. माझे सासरे अजून म्हणतात, चुकलं. माझी मुलगी कन्नडमध्ये डब केलेलं कार्टून बघत त्यांच्याच मांडीवर बसते.

नार्वार्तेची_नलू

कानडीसून, अगदी हेच मेक्सिकोत झालंय! काल सेन्योरांशी दोन तास बोलले. (माइकमागची, तुमचा प्रश्न विचारला, खाली लिहिते.)

चाळीसच्या दशकात हॉलिवूडच्या एम.जी.एम.ने मेक्सिकोतले कलाकार न्यूयॉर्कला नेऊन चित्रपट स्पॅनिशमध्ये डब करायला सुरुवात केली. इकडच्या निर्मात्यांना धडकी भरली. क्लार्क गेबल स्पॅनिश बोलायला लागला तर आमचे चित्रपट कोण बघणार? १९४९ च्या चित्रपट कायद्यानं थिएटरात डब केलेले परदेशी चित्रपट दाखवायला मनाई झाली, मुलांचे सोडून. पण टीव्ही त्यात नव्हता! मग डबिंगवाले सगळे टीव्हीकडे वळले आणि अमेरिकन मालिकांचा पूर आला. सेन्योरा म्हणतात, त्या कायद्यानं माझं घर चालवलं.

मुलांच्या चित्रपटांना सूट असल्यामुळे डिस्नेचं डबिंग इथे फार जुनं. 'जंगल बुक'मधला बाळू अस्वल इथे तिन तान या विनोदी नटाच्या आवाजात आहे. इथल्या आज्या तो आवाज ऐकून अजून हसतात.

रेकॉर्डिंगचं: सुरुवातीला खरोखरच फिल्मचा तुकडा कापून त्याची दोन्ही टोकं जोडायचे, वर्तुळ करायचे. ते प्रोजेक्टरवर फिरत राहायचं आणि तेच दृश्य पुन्हा पुन्हा यायचं, जमेपर्यंत. म्हणून त्या तुकड्याला 'लूप' नाव पडलं. आता फिल्म नाही, पण काम अजून लूपमध्येच मोजतात, पैसेही लूपवर. (बापू, स्पेनमध्ये 'टेक' म्हणतात ना?) सगळे कलाकार एकाच माइकभोवती उभे. आपलं वाक्य आलं की एक पाऊल पुढे, झालं की मागे, आवाज न करता. टाचांच्या चपला बाहेर काढून ठेवायच्या. एकानं शेवटच्या वाक्याला खोकला काढला की सगळं पहिल्यापासून. आता एकेकटे येतात, हेडफोन लावून बोलतात आणि जातात. "पूर्वी मला नवरा असायचा समोर," म्हणाल्या, "आता नवरा मंगळवारी येऊन रेकॉर्ड करून गेलेला असतो."

बार्सिलोनाबापू

हो, इथे 'टेक'.

रांगडा_गडी

ते बाळू-बिळू ठीक, पण शेरखान म्हणजे नाना पाटेकर. विषय संपला.

दादरकर_काका

संपला.

सरळसोट

आता हे मात्र मान्य. त्या शेरखानला सबटायटल नको.

चिवडा_कमी_शेव_जास्त

नोंद घ्यावी: सरळसोट वाकले.

रांगडा_गडी

नलूताई, एक शंका. स्पॅनिश वीसेक देशांत बोलतात. मग कुणाचं स्पॅनिश वापरतात? आपल्याकडे डबिंग म्हटलं की सगळी पात्रं सदाशिव पेठेतून नुकतीच बाहेर पडल्यासारखी बोलतात. गोठ्यातला बैल सुद्धा "अहो, ऐकलंत का" म्हणतो. कोल्हापुरी बोलणारा एक तरी कार्टून हीरो द्या की राव.

नार्वार्तेची_नलू

रांगडा_गडी, सेन्योरांची दुखरी नस तीच. याला इथे 'न्यूट्रो' म्हणतात, कुठल्याच देशाचं नसलेलं स्पॅनिश. स्पेनचे 'व्होसोत्रोस' (तुम्ही) नकोत, अर्जेंटिनाचं 'व्होस' (तू) नको, मेक्सिकोची गल्लीतली बोली नको. सँडविचला 'एम्पारेदादो' म्हणायचं. तो शब्द जेवणाच्या टेबलावर मी आजवर कुणाच्याच तोंडून ऐकला नाही, फक्त टीव्हीवर. स्पेनमध्ये बस 'पकडायला' जे साधं क्रियापद वापरतात ते मेक्सिकोत चारचौघांत उच्चारलं तर लोक खाली माना घालून हसतात. मी उच्चारलंय. रविवारी. चर्चच्या दारात.

सेन्योरा व्हेराक्रूसच्या. त्यांच्याकडे शब्दाच्या शेवटचा 'स' गिळतात. निवेदिका असताना तो 'स' परत आणायला शिकल्या, आणि ती एकच गोष्ट डबिंगमध्ये उपयोगी पडली म्हणतात. भाऊ फोनवर अजून चिडवतो, "घरी तरी 'स' खा."

पण सगळंच न्यूट्रो नसतं. इथला 'सिम्पसन्स' (ते अमेरिकन कार्टून) ऐकाल तर त्यात मेक्सिकोचे विनोद, मेक्सिकोचे टोमणे. लोक तो मूळ इंग्रजीपेक्षा चांगला मानतात. स्पेनचं डबिंग वेगळं आणि मेक्सिकोचं वेगळं. त्यातला बाप इथे 'ओमेरो', तिकडे 'होमर'.

माइकमागची

सिम्पसन्सवरून आठवलं. २००५ मध्ये तिथे कलाकार संघटना आणि स्टुडिओचं वाजलं होतं ना? आमच्यात ती गोष्ट दाखल्यासारखी सांगतात.

नार्वार्तेची_नलू

हो. संघटनेबाहेरच्या लोकांना काम द्यायचं की नाही यावरून. पंधरा सीझन ओमेरोचा आवाज असलेले उम्बेर्तो व्हेलेस आणि त्यांचे सहकलाकार बाहेर पडले, नवीन आवाज आले. लोकांना ते काही पटलं नाही, उलट जुनेच भाग परत परत बघत बसले. व्हेलेस २०२१ मध्ये परतले तेव्हा इथे दिवाळी होती.

मार्जचा, म्हणजे ओमेरोच्या बायकोचा, पहिला आवाज नॅन्सी मॅकेन्झी. मूळच्या पेरूच्या, लिमाच्या. त्या २०२४ मध्ये गेल्या. सेन्योरांनी त्या दिवशी जेवण केलं नाही, एवढंच मला माहीत. काही विचारलं नाही मी.

कानडीसून

नलूताई, हे वाचून क्षणभर थांबले.

आळसेश्वर

अवांतर: मेक्सिको सिटीत भंगारवाल्याचा आवाज फार प्रसिद्ध आहे असं ऐकलंय. खरं का?

नार्वार्तेची_नलू

शंभर टक्के खरं! आत्ता लिहिताना खालून चाललाय. "गाद्या, फ्रीज, शेगड्या, वॉशिंग मशीन, मायक्रोवेव्ह, नाहीतर कुठलंही जुनं लोखंड विकायचंय का" अशी टेप. एका भंगारवाल्यानं ओरडून घसा बसतो म्हणून आपल्या लहान मुलीच्या आवाजात रेकॉर्ड केली. तिची नक्कल होत होत सगळ्या शहरभर पसरली. ती मुलगी आता मोठी बाई आहे आणि गल्लीगल्लीत अजून लहानच आहे. सेन्योरा म्हणतात, देशातला सगळ्यात जास्त ऐकला गेलेला आवाज तो, आणि एकही लूप नाही लागला.

रांगडा_गडी

आमच्याकडे "डब्बा बाटली रद्दी" लाईव्ह असतं. दर वेळी नवीन चाल.

संपादक_क्र_२

मंडळी, भंगार, बैल आणि शेरखान झाले. मूळ प्रश्नाकडे वळावं ही विनंती.

दादरकर_काका

वळतो. परदेशी नव्हे, पण दुसऱ्याच्या तोंडात आपला आवाज देणाऱ्या बायका आपल्याकडेही होत्याच. श्रीदेवी हिंदीत आली तेव्हा तिला हिंदी येत नव्हतं. तिच्या बऱ्याच चित्रपटांत आवाज नाझ यांचा. नाझ म्हणजे 'बूट पॉलिश'मधली ती लहान मुलगी! आणि 'आखरी रास्ता' (१९८६) मध्ये श्रीदेवीला आवाज दिला रेखानं. स्वतः एवढी मोठी नायिका, आणि दुसऱ्या नायिकेच्या ओठांत जाऊन बसली. निवेदिका म्हणता येणार नाहीत, पण चेहऱ्याकडून आवाजाकडे गेल्या हे खरं.

सरळसोट

काका, हा दाखला चांगला आहे. रेखाचं माहीत नव्हतं.

दादरकर_काका

लिहून ठेवतो. तारीख टाकून.

माइकमागची

नलूताईंच्या प्रश्नाला माझ्यापुरतं उत्तर: आमच्या पिढीत सूत्रसंचालन करून डबिंगला आलेल्या चार-पाच जणी तरी मला माहीत आहेत. पण त्यांची नावं तुम्हाला सापडणार नाहीत, कारण श्रेयनामावलीत ती नसतात किंवा आठ सेकंदांत सरकून जातात. एका मालिकेत मी तीन वर्षं मुख्य पात्र केलं. माझ्या सासूबाई रोज बघायच्या. "या पोराचा आवाज किती गोड आहे," म्हणायच्या, आणि मला म्हणायच्या, "तू जरा हळू बोलत जा, कर्कश वाटतं."

चिवडा_कमी_शेव_जास्त

सांगितलंत की नाही मग?

माइकमागची

तिसऱ्या वर्षी. त्याच आवाजात "आजी, भूक लागली" म्हटलं. त्यांनी आधी टीव्हीकडे बघितलं. तो बंद होता.

बार्सिलोनाबापू

नलूताई, कोन्स्तांतिनोबद्दल विचारलंत का?

नार्वार्तेची_नलू

विचारलं. त्याचं नाव काढल्यावर सेन्योरा खुर्चीत सरळ बसल्या. म्हणाल्या, "तो रेडिओतून आला. त्याचा आवाज आधी होता, चेहरा नंतर चिकटवला. माझं उलटं. मला लोकांनी चार वर्षं गप्प उभं राहायचे पैसे दिले. माइकसमोर गेले तेव्हा हात कुठे ठेवायचे कळेना, पडदा सारायची सवय. दिग्दर्शक ओरडायचा, हसू नकोस! अगं, ऐकू येतं तुझं हसणं!" हसत बोललेलं वाक्य न बघता ओळखू येतं म्हणे. खून बघितलेल्या बाईचं काम होतं आणि हिच्या आवाजात मिक्सर.

आणि परवाचा किस्सा सांगितल्याशिवाय राहवत नाही. आईचा मिरजेहून व्हिडिओ कॉल आला तेव्हा सेन्योरा माझ्याकडेच होत्या. मी त्यांना माइकमागचींचं पफबभम समजावून सांगत होते. त्या म्हणाल्या, "आवाज बंद कर." मी फोनचा आवाज पूर्ण खाली केला. आई नेहमीसारखी बोलत सुटली. मला माहीत होतं काय चाललंय ते: पापड पाठवलेत, मेतकूट पाठवलंय, पप्याच्या मुंजीला मामी आली नाही. सेन्योरांनी चष्मा लावला, अर्धा मिनिट नुसतं बघितलं आणि सुरू झाल्या, "पापा, मि पोब्रे पापा, मे मांदो उन पियानो..." बाबांनी, माझ्या बिचाऱ्या बाबांनी मला पियानो पाठवला! प ला प, म ला म. आई मान हलवते तिथे उसासा, पदर सारखा करते तिथे विराम. माझी मिरजेची आई अस्सल मेक्सिकन मालिकेतली विधवा वाटायला लागली. मी सोफ्यावरून खाली.

आईला मात्र इकडचं सगळं ऐकू जात होतं. ती थांबली की सेन्योरा थांबायच्या. ती बोलली की या बोलायच्या. दोनदा, तीनदा झालं. शेवटी आईनं कॅमेऱ्याजवळ तोंड आणलं. मी घाईनं आवाज वाढवला.

"नलू, ही कोण बाई माझ्या तोंडानं बोलतेय?"

माइकमागची

'मामी' चं काय केलं त्यांनी? तिथे दोन म आहेत, पाठोपाठ.

नार्वार्तेची_नलू

"मि मामा." माझी आई. मामीला कळवू नका कुणी, आधीच रुसलेली आहे.